मालक एक, कब्जा दुसऱ्याचा

आमच्या घरी एक पितळी डबा होता. झाकणाला कडी, बुडाला ठोक्यांच्या खुणा, लोधीखेड्यातल्याच कसाराच्या हातचा. तांब्या-पितळेच्या भांड्यांसाठी आमचं गाव एके काळी नावाजलेलं होतं. आता बाजारात स्टील दिसतं, पण तो डबा काही कुणी मोडीत दिला नाही. कारण त्यात घरातल्या दोन अभिमानाच्या वस्तू होत्या. एक, काठाची जर काळी पडलेला शेल्याचा तुकडा. दुसरी, तळहातापेक्षाही लहान, चौकोनी परदेशी नोट.

शेला मोठ्या मायचा, नोट आबाजीची. मोठी माय म्हणजे आबाजीची आई, माझी पणजी. आबाजी शेल्याला हात लावत नसे आणि मोठी माय नोटेला ‘तो कागद’ म्हणे. दोघांमधलं हे काय होतं, ते कळायला मला बरीच वर्षं लागली.

उन्हाळ्यात आम्ही अंगणात बाजा टाकून झोपत असू. नागपूर-छिंदवाडा छोट्या लाइनवरची रात्रीची गाडी शिटी देऊन गेली की मोठी माय सुरू होई. तिच्या गोष्टीतला राजा कधी वनवासाला जात नसे, की त्याला राक्षसही भेटत नसत. तिचा राजा पळून जाई.

“नागपूरचा राजा, आप्पासाहेब. गोऱ्यानं त्याले धरलं अन् तिकडे दूर नेत होते. तं त्यानं रातच्याले शिपायाचे कपडे घातले अन् निंगाला. राजा शिपाई झाला, बाप्पा. मंग पचमढीच्या डोंगरात गेला, गोंडाईच्या घरी राह्यला. इकडे साहेब आला. साहेबानं गावोगावच्या पांड्याईले बोलावलं. आपला बुढा वही घेऊन गेला. वहीत एक बैल कमी नाई, एक वावर जास्त नाई. साहेब खूश झाला. हा शेला देल्ला.”

आमच्या भागात पटवाऱ्याला तेव्हा पांड्या म्हणत. पांडेपण आमच्या घरात होतं, असं मोठी माय सांगे. शेला साहेबानं दिला याला कागदी पुरावा नाही. तो कुठल्या साहेबानं दिला, हेही तिला ठाऊक नव्हतं. पण राजाची गोष्ट मात्र खरी निघाली. पुढे शिक्षक झालो, पुस्तकं हाती आली, तेव्हा मोठ्या मायच्या गोष्टीतले सांधे एकेक करून जुळत गेले.

दुसऱ्या रघूजी भोसल्यांचं निधन १८१६च्या मार्चमध्ये झालं. मुलगा परसोजी राज्य करण्याच्या अवस्थेत नव्हता, म्हणून चुलतभाऊ मुधोजी, म्हणजे आप्पासाहेब, कारभारी झाले. त्याच वर्षी मे महिन्यात त्यांनी ईस्ट इंडिया कंपनीशी तैनाती फौजेचा तह केला. फौज कंपनीची आणि खर्च नागपूरचा, वर्षाला साडेसात लाख रुपये. दुसऱ्या वर्षी परसोजीचा खून झाला आणि आप्पासाहेब गादीवर आले. पेशवा इंग्रजांवर उलटला तशी आप्पासाहेबांनीही उचल खाल्ली. २६ नोव्हेंबर १८१७च्या संध्याकाळी सीताबर्डीच्या टेकडीवर तोफा सुरू झाल्या, त्या दुसऱ्या दिवशी दुपारपर्यंत. इंग्रजांकडे सुमारे चौदाशे माणसं, भोसल्यांकडे अरबांसह अठरा हजारांच्या घरात. इंग्रजांची ३६७ माणसं मेली वा जखमी झाली, पण टेकडी त्यांच्याकडेच राहिली. डिसेंबरात जनरल डव्हटनची कुमक आली, सक्करदऱ्यावर भोसल्यांची फौज मोडली आणि वर्ष संपता संपता शहरातल्या अरबांनीही हत्यार ठेवलं.

यानंतर जे झालं ते लढाईपेक्षा महत्त्वाचं. आप्पासाहेबांना आधी गादीवर राहू दिलं, मग मार्च १८१८मध्ये पकडलं आणि अलाहाबादकडे रवाना केलं. वाटेत जबलपूरच्या परिसरात, मे महिन्यात, ते शिपायाच्या वेशात पहाऱ्यातून निसटले. अगदी मोठ्या मायनं सांगितलं तसेच. महादेवाच्या डोंगरात गोंड जमीनदारांनी त्यांना आसरा दिला. छिंदवाडा जिल्ह्यातल्या हर्रईचा चैनशा त्यांतला एक. आमच्यापासून फार दूर नसलेल्या मुलताई-बैतूलच्या मुलखात जुलै १८१८मध्ये कॅप्टन स्पार्क्सची शंभरावर शिपायांची तुकडी जवळजवळ सगळी कापली गेली. पण राजा परत आला नाही. अशीरगड, लाहोर, मंडी अशी वणवण करत तो जोधपूरला पोचला आणि १८४० साली तिथंच वारला.

नागपूरच्या गादीवर दुसऱ्या रघूजींचा नातू बसवला गेला. वय दहाच्या आसपास. दत्तकविधान झालं, नाव तिसरे रघूजी ठेवलं, वाड्यात आजी बाकाबाई. आणि कारभार? तो रेसिडेंट रिचर्ड जेंकिन्सकडे. त्यानं मुलखाचे पाच भाग केले: घाटाखालचा देवगड, घाटावरचा देवगड, वैनगंगा, चांदा आणि छत्तीसगड. प्रत्येकावर एक गोरा अधिकारी नेमला. मात्र वसुली राजाच्या नावानं. कमाविसदार जुनेच, पाटील जुनेच, पांडेही जुनेच. जास्तीच्या पट्ट्या कमी केल्या, गावाचा ठेका वर्षाचा होता तो काही वर्षांचा केला, पावत्या सुरू केल्या. खरं सांगायचं तर आधीच्या भोसलेशाहीतल्या ओढाताणीपेक्षा रयतेला हे बरंच वाटलं असणार. तसं कबूल न करता पुढे जाणं हा लबाडपणा होईल. १८२७ साली जेंकिन्सचा नागपूर राज्यावरचा अहवाल कलकत्त्याहून छापून निघाला. जमीन, जाती, पिकं, वसुली, गावकामगार, सगळं त्यात आलं. देश आधी वहीत आला आणि मग मुठीत.

१८२६च्या तहानं आणि नंतर तीन-चार वर्षांत हा मुलूख टप्प्याटप्प्यानं तिसऱ्या रघूजींकडे परत गेला. इथं वाचणाऱ्याला वाटतं, चला, तात्पुरती व्यवस्था होती, संपली. पण रघूजी ११ डिसेंबर १८५३ला निपुत्रिक वारले आणि पुढच्या मार्चमध्ये डलहौसीनं राज्य खालसा केलं. राजाचे हत्ती, घोडे, बैल सीताबर्डीवर लिलावात निघाले. ते करायला फौज लढवावी लागली नाही. मुलखाची वही पंचवीस वर्षांपूर्वीच तयार होती.

आता नोटेची गोष्ट.

आबाजी १९४२ साली जबलपूरला जाऊन फौजेत भरती झाला. घरात खाणारी तोंडं नऊ आणि कापूस पिकलेला नाही, एवढंच कारण. त्याला मोटार चालवायला शिकवलं आणि सामानाच्या गाड्यांच्या कंपनीत ड्रायव्हर म्हणून बसवलं. मोठी माय म्हणे, “राजा शिपायाचे कपडे घालून सुटला अन् माहा पोरगा शिपायाचे कपडे घालून फसला.” १९४३च्या शरदात आबाजीची गाडी इटालीच्या टाचेवर, तारांतो बंदरात उतरली. आठवी इंडियन डिव्हिजन त्याच बंदरातून वर सरकली.

आबाजी लढाईचं कधी बोलला नाही. त्याच्या गोष्टी गावांच्या असत. इटालीनं सप्टेंबर १९४३मध्ये दोस्तांशी शस्त्रसंधी जाहीर केली आणि जर्मनांनी कालपर्यंतच्या मित्राचा देश ताब्यात घेतला. मुसोलिनीचं बाहुलं सरकार उत्तरेत बसवलं. खरी सत्ता जर्मन फौजेकडे. सांग्रो नदीच्या आसपासची गावं जर्मनांनी सक्तीनं रिकामी करवली, जनावरं नेली, घरं सुरुंगानं उडवली, तरण्या माणसांना खंदक खणायला पकडून नेलं. त्याच भागातल्या पिएत्रान्सिएरी गावाजवळ नोव्हेंबरमध्ये शंभराहून जास्त गावकरी, बायामुलांसकट, मारले गेले. आबाजीला ही नावं ठाऊक नव्हती. त्याला दिसलेलं तो एवढंच सांगे:

“गाव आपल्यासारखंच. दगडाचे घरं, गोठे, विहीर. पण गोठ्यात बैल नाई अन् गावात तरना मानूस नाई. म्हातारे, बाया अन् पोट्टे. बैल नेये तवा जर्मन कवा कवा चिठ्ठी दे म्हने. ते चिठ्ठी एका म्हातारीनं मले दाखोली. तिले वाटलं, मी सरकारचा मानूस हावो, पैसे देईन.”

चिठ्ठी द्यायची ही रीत कायद्यातली आहे, हे मला फार पुढे कळलं. १९०७च्या हेग करारात लिहिलंय की शत्रूचा मुलूख फौजेच्या हाती आला तरी तो तिच्या मालकीचा होत नाही. तिथले कायदे शक्य तोवर तसेच चालवायचे, खाजगी मालमत्ता हडपायची नाही, फौजेसाठी माल घेतला तर मोबदला द्यायचा, नाहीतर पावती. आमच्या गावात हे समजावून सांगायला एकच वाक्य पुरतं, कारण पटवाऱ्याच्या कागदात मालकाचा रकाना वेगळा आणि कब्जेदाराचा वेगळा असतो. मालक एक, कब्जा दुसऱ्याचा. आणि ज्याच्या घरचा वाद वर्षानुवर्षं कोर्टात आहे त्याला हेही ठाऊक असतं की कब्जेदार एकदा वावरात घुसला की मालकाचा रकाना नुसता वाचायला उरतो.

जर्मनांनी युरोपात हा कब्जा एकाच पद्धतीनं चालवला नाही. पोलंडच्या मधल्या भागात हान्स फ्रांक, हॉलंडमध्ये सायस-इंक्वार्ट, नॉर्वेत तेरबोफेन असे नाझी पुढारी मुलकी सुभेदार म्हणून बसवले. बेल्जियम आणि उत्तर फ्रान्सवर मात्र फौजी अंमल होता, त्यावर जनरल फाल्केनहाउझेन. फ्रान्सच्या मोठ्या भागावर पॅरिसच्या मॅजेस्टिक हॉटेलातून जर्मन लष्करी सेनापती हुकूम सोडत. सर्बिया आणि ग्रीसमध्येही फौजी अंमल. फ्रान्ससारखा देश चालवायला जर्मनांनी आणलेले कारभारी फार थोडे. कारण काम करायला फ्रेंच प्रीफेक्ट, फ्रेंच पोलीस आणि फ्रेंच कारकून होतेच. जर्मनानं नजर ठेवायची, हात फ्रेंचांचे. आणि या नजर ठेवण्याचा खर्चही फ्रान्सनंच द्यायचा: दिवसाला २ कोटी मार्क. एका मार्काला २० फ्रँक असा जर्मनांनीच ठरवलेला दर, म्हणजे दिवसाला ४० कोटी फ्रँक. फौज त्यांची, खर्च तुमचा. नागपूरकरांनी हे १८१६ सालीच पाहिलं होतं. शिवाय जर्मन सैनिकांच्या खिशात कब्जातल्या मुलखासाठी वेगळ्या छापलेल्या मार्काच्या नोटा असत. त्या फ्रान्समधल्या दुकानदाराला घ्याव्याच लागत, पण खुद्द जर्मनीत त्या चालत नसत.

आणि वही. सप्टेंबर १९४०मध्ये जर्मन फौजी अंमलानं हुकूम काढला की कब्जातल्या भागातल्या ज्यूंनी नाव नोंदवावं. पॅरिसच्या पोलीस कचेरीनं त्या नोंदींची कार्डं केली, नावानं लावली, पत्त्यानं लावली, व्यवसायानं लावली. सुबक काम. जुलै १९४२मध्ये दोन दिवसांत त्याच कार्डांवरून १३,०००हून जास्त माणसं धरली गेली, त्यांत ४,००० मुलं. दरवाजे ठोठावणारे पोलीस फ्रेंच होते. धरलेल्यांतले बहुतेक पुढे आउशवित्सला गेले.

जेंकिन्सची वही आणि पॅरिसची कार्डं एका तागडीत घालायची माझी इच्छा नाही. एकीतून सारा वसूल झाला, दुसरीतून माणसं मारली गेली. हेतूत आभाळाएवढं अंतर. पण लिहिणारा हात दोन्हीकडे घरचाच होता आणि लिहिताना तो हात आपण फक्त खरं लिहितोय असंच समजत होता.

आबाजीच्या नोटेवर ‘अलाइड मिलिटरी करन्सी’ असं छापलंय. दहा लिरांची. जर्मन मागे हटले, तसा मागून आलेल्या दोस्तांनी स्वतःचा फौजी अंमल बसवला आणि स्वतःच्या नोटा छापल्या. शंभर लिरांना एक डॉलर, चारशेंना एक पौंड, हा दर त्यांचा. म्हणजे इटालीतल्या त्या म्हातारीच्या हाती आधी एका फौजेची चिठ्ठी पडली आणि मग दुसऱ्या फौजेची नोट. दुसरी फौज तिला सोडवायला आलेली, हा फरक खराच. पण तिनं पाव घ्यायचा तो फौजेच्याच कागदावर.

नोटेच्या मागच्या बाजूला इंग्रजीत चार स्वातंत्र्यं छापलेली आहेत: बोलण्याचं, धर्माचं, गरजेपासून आणि भीतीपासून. मी मॅट्रिकला असताना पहिल्यांदा ती आबाजीला वाचून मराठीत सांगितली. त्याला इंग्रजी येत नव्हतं, तीस वर्षं त्याला वाटत होतं की तिथं छापणाऱ्याचा पत्ता आहे. तो बराच वेळ गप्प बसला. मग विचारलं, “हे आमच्या खिशात होतं?”

होतं. तो इटालीत चिखलातून गाडी हाकत होता तेव्हा नेहरू अहमदनगरच्या किल्ल्यात कैदेत होते. चिमूरला १९४२च्या ऑगस्टमध्ये फौजेनं आणि पोलिसांनी काय केलं याची चौकशी व्हावी म्हणून गांधीवादी भणसाळींनी ६३ दिवस उपास केला होता. बोलण्याचं आणि भीतीपासूनचं स्वातंत्र्य आबाजीच्या खिशात होतं, पण ते फक्त इटालीत चालणारं. त्या जर्मन मार्कासारखंच, घरी न वटणारं.

तरी आबाजी त्या फौजेत गेल्याबद्दल हळहळला नाही. १९४४च्या उन्हाळ्यात फ्लॉरेन्सजवळच्या माँतेगुफोनी वाड्यात आपल्या मराठा पलटणीच्या जवानांना दडवून ठेवलेली जुनी चित्रं सापडली, बोत्तिचेल्लीचं ‘वसंत’ त्यांतच. त्या पोरांनी त्यांवर पहारा दिला. आबाजी तिथं नव्हता, त्यानं ते नुसतं ऐकलं होतं, पण सांगताना त्याचा आवाज चढे. “परक्याचं होतं, तरी राखलं,” एवढंच म्हणे.

शेल्यावर तो का रुसला होता, ते त्यानं मला १९९१ साली सांगितलं. मोठी माय तोवर गेली होती. मला जनगणनेच्या कामावर लावलं होतं. शाळा सुटली की पिशवीत फॉर्म घालून मी घरोघर फिरे. रात्री कंदिलाजवळ रकाने तपासताना आबाजी शेजारी येऊन बसला.

“सांग्रोच्या बाजूच्या एका गावात म्युनिसिपालटीचा एक बुढा कारकून होता,” तो म्हणाला. “जर्मननं त्याले तरन्या पोट्ट्याईची यादी मांगितली, खंदकासाठी. त्यानं पिठाच्या कोठीत रजिस्टर पुरलं अन् सांगितलं, जळून गेलं. त्याले लई मारलं. एक कान गेला त्याचा. आम्ही गेलो तं त्यानं ते रजिस्टर काढून आमाले दाखोलं. पीठ झटकून झटकून दाखोलं. तवा मले आपला बुढा आठोला. साहेबानं वही मांगितली अन् यानं एक बैल लपोला नाई. अन् माय म्हने, शेला भेटला. काहून भेटला, ते तिनं कवा इचारलं नाई.”

मी म्हटलं, “आबाजी, पण साहेबानं तेव्हा सारा कमी केला होता. आणि आपल्या त्या बुढ्याला काय कळणार पुढे काय होणार ते?”

“त्याले नाई कळलं, हे खरं हाये,” आबाजी म्हणाला. “त्याचा गुन्हा नाई. पन शेला घराण्याची शान कसा काय झाला?”

या प्रश्नाला माझ्याकडे तेव्हा उत्तर नव्हतं, आजही पुरतं नाही. पांड्यानं वही खोटी लिहायची का? खोट्या वहीनं गाव बुडतं, हे पटवाऱ्याच्या घरात जन्मलेल्याला शिकवावं लागत नाही. मी जनगणनेचे रकाने खरेच भरले आणि पुढच्या वेळी २००१ सालीही खरेच भरले, कारण ती वही मागणारं सरकार मी मत देऊन बसवलेलं होतं आणि मत देऊन उठवू शकत होतो. आप्पासाहेबाच्या रयतेला ही सोय नव्हती, पॅरिसमधल्या त्या कारकुनालाही नव्हती. पण सोय नसणं आणि शेला मिरवणं यांत फरक आहे. आबाजीचं भांडण शेल्याशी होतं, वहीशी नव्हतं.

आमच्या गावाचे कब्जे आणि मालक किती बदलले ते मोजायला बसलं तर बोटं पुरत नाहीत. देवगडचे गोंड राजे, भोसले, कंपनी, राणीचं सरकार, मग मध्यप्रांत. १ नोव्हेंबर १९५६ला नागपूर मुंबई राज्यात गेलं, आणि मराठी बोलणारं सौंसर-पांढुर्णा मध्यप्रदेशात राहिलं. २०२३ साली आम्ही छिंदवाड्यातून निघून पांढुर्णा जिल्ह्यात आलो. दर वेळी नव्या वह्या झाल्या, जुन्या कुणीतरी घेऊन गेलं, आणि दर वेळी लिहून देणारा गावातलाच होता.

डबा आता माझ्याकडे आहे. शेल्याला कसर लागली होती. नातवानं विचारलं, हे काय, तेव्हा मी त्याला मोठ्या मायचा राजाही सांगितला आणि आबाजीचा कारकूनही. त्यानं विचारलं, यांतलं आपलं कोण? मी म्हटलं, शेलेवाला आपला, कानवाला परका. पण तुझ्याकडे कुणी वही मागायला आला, तर आधी विचार की ती कुणासाठी हवी आहे, आणि मग लिही.